चार इंची इनलाईन फॅन किट: फॅन मस्त, फिल्टर कशाला?

ग्रो टेंट, म्हणजे घरात दिव्याखाली झाडं वाढवायचा बंद तंबू, घेताना सगळे लाईटवर पैसे घालतात आणि हवेचं नंतर बघू म्हणतात, मी म्हणेन आधी हवेचंच बघा. मी घेतलंय ते चार इंची किट, त्यात इनलाईन फॅन (डक्टच्या, म्हणजे हवेच्या नळीच्या, मध्येच बसणारा), स्पीड कंट्रोलर, कार्बन फिल्टर, अ‍ॅल्युमिनियमची फ्लेक्सिबल डक्ट आणि क्लॅम्प येतात, सगळं मिळून दहा हजारांच्या आसपास. ब्रँड मुद्दाम लिहीत नाही, या साइजची किट मला तरी सगळी एकाच साच्यातली वाटली. टेंट ८० बाय ८० सेंमी, उंची १६०, ठाण्यातल्या फ्लॅटची छोटी बेडरूम. आत लेट्यूस, बेसिल, थोडा पॉकचॉय (चिनी पालेभाजी) आणि वर १०० वॉटचा एलईडी.

फॅन खरंच चांगलाय. ईसी, म्हणजे इलेक्ट्रॉनिक कंट्रोलवाली मोटर आहे म्हणून स्पीड कमी केला तरी गुणगुणत नाही, साध्या एसी मोटरला पंख्याचा रेग्युलेटर लावला की जी घूं घूं सुरू होते ती इथे नाही. तीस वॉट धरले आणि चोवीस तास चालवला तरी महिन्याला वीस-बावीस युनिट.

आता स्पीड किती ठेवायचा, कारण बरेच जण फुल्लवर लावून ठेवतात आणि मग आवाजाच्या नावाने बोंबलतात. या टेंटमध्ये हवा मावते जेमतेम ३६ घनफूट आणि बॉक्सवर लिहिलंय मिनिटाला २०० घनफूट. तो आकडा मोकळ्या हवेतला, फिल्टर आणि डक्टची वळणं आली की बराच खाली येतो, पण तरी उरून पुरतो. दिव्याची जवळपास सगळी वीज शेवटी उष्णताच होते, त्यामुळे ढोबळ हिशोब असा की १०० वॉटला मिनिटाला ५० घनफूट हवा ओढली तर टेंट खोलीपेक्षा साडेतीन अंश गरम राहतो, १०० ओढली तर पावणेदोन, आणि २०० ओढली तर एक अंशाच्या आत. म्हणजे निम्म्यावरून फुल्लवर गेलात तर फायदा एका अंशाचा, आणि झोपमोड फुकट!! आणि हे खोलीपेक्षा किती ते झालं हं, मे महिन्यात खोलीच ३५ ला असेल तर फॅन टेंटला ३४ वर नेऊ शकत नाही, लेट्यूस तुरे काढणार आणि कडू होणार. एसी लावला तर तीच गार हवा फॅन खिडकीबाहेर फेकतो, तेव्हा स्पीड आणखी कमी करा.

लावायचं कसं तर गरम हवा वर जाते म्हणून फॅन वरती, खालची जाळीची खिडकी उघडी. टेंटच्या भिंती थोड्या आत ओढल्या गेल्या पाहिजेत, म्हणजे हवा सगळी फॅनमधूनच बाहेर पडतेय. फारच चिकटल्या तर खालची आणखी एक खिडकी उघडा. डक्ट ताणून सरळ न्या, लोंबती ठेवली की हवा अडते. बाहेर काढायला मी स्लायडिंग खिडकीत सनबोर्डचा तुकडा बसवून त्याला भोक पाडलं, डक्टचं तोंड बाहेरच्या बाजूला उतरतं ठेवलं नाहीतर पावसाचं पाणी थेट फॅनमध्ये. तोंडाला तारेची जाळी हवीच हवी, कबुतरांना अशी उबदार जागा सोन्याहून प्यारी. मच्छरदाणीची बारीक जाळी मात्र नको, धुळीने बुजते.

जाहिरातीत 'आर्द्रता नियंत्रण' लिहितात ते आपल्या पावसाळ्यात विसरा. जुलैमध्ये बाहेरच ८५-९० टक्के असते, फॅन तीच दमट हवा आत ओढणार, बेसिलवर करडी बुरशी यायला वेळ लागत नाही. त्यासाठी खोलीत डीह्युमिडिफायरच लागतो. आत एक छोटा क्लिप फॅनपण लावा, किटमध्ये येत नाही. लेट्यूसच्या आतल्या कोवळ्या पानांच्या कडा करपतात ना, त्याचं कारण बऱ्याचदा खत कमी हे नसतं, पानातून पाणी उडत नाही म्हणून कॅल्शियम टोकापर्यंत पोचत नाही. पानं जरा हलती राहिली की फरक पडतो.

आणि तो कार्बन फिल्टर. तो असतो वास अडवायला, आणि कुठल्या झाडाचा वास ते सगळ्यांना माहितीये, गांजाचा, आपल्याकडे ते झाड परवान्याशिवाय लावणं १९८५ च्या एनडीपीएस (अमली पदार्थविरोधी) कायद्याखाली गुन्हा आहे. लेट्यूसला कसला आलाय वास, आणि बेसिलचा आला तर शेजारी पास्ता मागायला येतील फारतर. वर तो फिल्टर हवेचा जोर खातो, टेंटच्या दांड्यांना जड होतो आणि हवा दमट असली की कार्बनचा उपयोगही घटतो. मी तो काढून माळ्यावर टाकलाय. फॅनला पाचपैकी साडेचार, किटला तीन. फिल्टर वगळून द्या म्हटलं तर विकणारा तयार नव्हता, पण नुसता फॅन आणि डक्ट वेगळे मिळतात, तेच घ्या आणि उरलेल्या पैशात क्लिप फॅन आणि आर्द्रता मोजायचा एक हायग्रोमीटर येतो.