आंबोली–वेंगुर्ला एका दिवसात: गाईडबरोबरची सहल की स्वतःची गाडी?

जुलै उजाडला की बेळगावात आंबोलीचे बेत सुरू होतात, आणि बेत पक्का होता होता कुणीतरी हटकून विचारतं, ‘तिथवर जातोच आहोत तर खाली वेंगुर्ल्यापर्यंत उतरायचं का?’ माझं म्हणणं, उतरावंच. धबधबा आणि वेंगुर्ला एकाच रस्त्यावर आहेत, आणि हा रस्ता बेळगावच्या पेठेचा समुद्राकडे जायचा जुना रस्ता आहे. आधी रामघाटाने आणि पुढे पारपोलीच्या, म्हणजे आजच्या आंबोलीच्या घाटाने माल वेंगुर्ल्याच्या बंदराला लागायचा. कापूस खाली जायचा, मीठ-नारळ वर यायचे. १८८०च्या दशकात मार्मागोव्याच्या बंदराला रेल्वे जोडली गेली, व्यापार तिकडे वळला आणि वेंगुर्ला शांत झालं. एवढं डोक्यात ठेवून घाट उतरला की दिवसभराच्या फिरण्याला एक सूत सापडतं.

प्रश्न उरतो तो जायचं कसं याचा. एकीकडे ट्रॅव्हलरमध्ये माणशी सीट घेऊन गाईडबरोबर जायची सहल: पहाटे निघायचं, रात्री परत. दुसरीकडे घरची गाडी. मी दोन्ही प्रकारे जाऊन आलो आहे, त्यामुळे पुढचं सगळं अनुभवाचं आहे. तुमच्या घरातली माणसं, वयं, हौस वेगळी असेल तर हिशेब थोडा बदलेल, हे मान्य करूनच लिहितो. एसटीचा पर्याय आहे, आणि एकट्यादुकट्याला तो चांगलाही आहे, पण धबधबा आणि गाव दोन्ही एका दिवसात हवं असेल तर वेळांचा मेळ बसत नाही.

काही सहली वेंगुर्ल्याऐवजी मालवण दाखवतात. धबधब्याच्या दिवसांत सिंधुदुर्ग किल्ल्याच्या होड्या बंद असतात. किल्ला जेटीवरून लांबूनच बघायचा आणि परतायचं. पावसात वेंगुर्ला बरं.

आधी स्वतःच्या गाडीची बाजू, कारण तिचं पारडं सुरुवातीला जडच वाटतं. शिनोळी, पाटणे फाटा ओलांडून कानूरच्या पुढे गेलं की दोन्ही बाजूंनी हिरवं अंगावर येतं. वाटेल तिथे थांबा. नांगरतास धबधबा रस्त्याला लागूनच आहे. खडकाच्या अरुंद चिरेत पाणी इतक्या जोरात घुसतं की आधी आवाज येतो, मग पाणी दिसतं. सहलीची गाडी इथे थोडकं थांबते, फोटो झाले की निघते. घरच्या गाडीने गेलात तर कठड्याला टेकून हवा तेवढा वेळ उभं राहता येतं. हिरण्यकेशीचंही तसंच. नदीचा उगम, गुहेतलं महादेवाचं स्थान, आणि तिथल्याच पाण्यात सापडलेली शिस्टुरा हिरण्यकेशी नावाची छोटी मासळी. तिच्यासाठी ती जागा २०२१ मध्ये जैवविविधता वारसास्थळ म्हणून जाहीर झाली. बहुतेक सहलींत हे ठिकाण नसतंच.

कावळेसाद पॉइंटचा मुद्दा तर सरळ गाडीच्या बाजूचा. दरीतून वर येणारा वारा कड्यावरून पडणारं पाणी उलटं वर फेकतो, ते बघायला लोक येतात. पण तिथे पोचल्यावर दरीभर धुकं असलं तर समोर पांढऱ्या भिंतीशिवाय काही नसतं. ते कधी दहा मिनिटांत फाटतं, कधी तासाभराने. घरची गाडी थांबू शकते. सहलीच्या वेळापत्रकात धुक्यासाठी जागा नसते.

जेवणाचंही तेच. जून-जुलैत यांत्रिक बोटींना समुद्रातल्या मासेमारीची बंदी असते. त्या दिवसांत सहलीच्या ‘मासळी थाळी’तली सुरमई बर्फातली असण्याचीच शक्यता जास्त. स्वतः गेलात तर वेंगुर्ल्यात एखादी घरगुती खानावळ गाठून ‘आज खाडीचं काय आहे?’ असं विचारता येतं. कुर्ल्या मिळतात, तिसऱ्या मिळतात, नाहीतर सुक्या बांगड्याचं तिखलं आणि सोलकढी. पाच माणसं असतील तर खर्चही गाडीचाच कमी.

एवढं असूनही मी आता घरच्या गाडीने जायला तयार होत नाही. कारण ऐकायला किरकोळ वाटेल: काच.

मुख्य धबधबा आंबोली गावाच्या खाली, सावंतवाडीकडे उतरणाऱ्या घाटात आहे. पायऱ्या चढून पाण्याखाली उभं राहायचं, मनसोक्त भिजायचं, खाली येऊन भाजलेलं कणीस आणि गरम भजी खायची. इथवर आनंदच. मग पाच माणसं निथळत गाडीत बसतात. दारं लागली की दोन मिनिटांत सगळ्या काचा आतून पांढऱ्या. बाहेर धुकं, आत वाफ, आणि समोर घाटाची वळणं. काच खाली करावी तर पाऊस आडवा आत येतो. एसीचा झोत काचेवर सोडला की आतली वाफ जाते, पण मागे बसलेली ओली मुलं कुडकुडायला लागतात. थोड्या वेळाने काच गार पडते आणि तिच्यावर बाहेरून दमटपणा धरतो. तो वायपरने काढायचा, तोवर आत पुन्हा धुरकट. शेजारी बसलेलं माणूस टॉवेल घेऊन काच पुसतंय, मागून कुणी म्हणतंय एसी बंद करा, आणि चालवणाऱ्याचे डोळे टॉवेलाने केलेल्या त्या वीतभर स्वच्छ जागेवर खिळलेले. आंबोलीचा घाट ज्याच्यासाठी बघायचा तो घाट त्या माणसाला दिसतच नाही.

यावर उपाय आहे, कपडे बदलून बसायचं. पण शनिवार-रविवारी धबधब्यापाशी गाड्यांची दुतर्फा रांग लागलेली असते. गाडी लावायला जागा मिळते ती बरंच खाली नाहीतर वर, आणि पावसातून चालत गाडीपाशी येईस्तो बदललेले कपडेही ओले. बायकांना कपडे बदलायचे तर धडशी सोय नाही. चालवणारा भिजलाच नाही, कोरडा राहिला, तर काचेचा त्रास थोडा कमी होतो खरा. पण मग त्या माणसाने सकाळपासून केलं काय? गाडी सांभाळली, माकडांपासून पिशव्या राखल्या आणि कणीस खाल्लं. घरात एकच चालवणारा असेल तर प्रत्येक वेळी तोच. संध्याकाळी हाच घाट पुन्हा चढायचा असतो, दमलेल्या अंगाने, उतरत्या अंधारात.

ट्रॅव्हलरमध्येही माणसं ओलीच बसतात. पण मोठ्या गाडीत वारा खेळता असतो, सीटना रेक्झिन असतं, आणि मुख्य म्हणजे चालवणारा रोजच्या सवयीचा असतो. घाट सुरू होण्याआधी आमच्या चालकाने गाडी बाजूला घेतली, मुठीतली तंबाखू ओल्या काचेवर बाहेरून चोळली आणि वायपर एकदा फिरवला. पाणी काचेवर थेंबाथेंबाने न साचता पातळ पसरून वाहू लागलं. असं करायला माझ्याही हाताला कुणी अडवलं नसतं, पण कुठल्या वळणावर पाण्याचा लोट रस्त्यावर येतो आणि कुठे मागच्या पावसात दरड आली होती, हे त्याला ठाऊक होतं. आई शेजारी बसून निवांत दरीकडे बघत होती, मीही बघत होतो. माझ्यापुरता निकाल तिथेच लागला.

सहलीचे जाच नाहीत असं नाही. पहाटे गावभर फिरून माणसं गोळा करण्यात वेळ जातो. स्पीकरवर गाणी सुरू झाली की नांगरतासचा आवाज त्याखाली दबतो. परतीच्या वाटेवर काजूच्या दुकानात गाडी थांबणार म्हणजे थांबणार. ते एक वेळ सोसतो, कारण वेंगुर्ल्याचा काजू खरोखर नावाजलेला आहे. तिथल्या फळ संशोधन केंद्राने काढलेल्या वेंगुर्ला-४, वेंगुर्ला-७ या जातींची झाडं कोकणभर लावलेली आहेत. सावंतवाडीत लाकडी खेळण्यांपाशी थांबले तर तेही चालतं. धबधब्यावर मात्र ‘पाऊण तास’ म्हटलं की पाऊण तास, आणि कणसाच्या गाड्यापाशी रेंगाळणाऱ्या दोघांसाठी बाकीचे ओलेच ताटकळतात.

या सगळ्यापेक्षा मोठा फरक मला दुसऱ्या टोकाला, वेंगुर्ल्यात जाणवला. वेंगुर्ला स्वतःहून काही सांगत नाही. डच वखारीपाशी गाईडशिवाय गेलात तर जांभ्याच्या पडक्या भिंती, मुळं, शेवाळ, पावसाचं पाणी, आणि पाच मिनिटांत परत गाडीत. घरच्या गाडीने गेलो तेव्हा आमचंही असंच झालं होतं. सहलीतला गाईड तिथलाच, निवृत्तीच्या वयाचा माणूस होता. सगळे त्यांना काका म्हणत होते. त्यांनी छत्री मिटली आणि तिच्या टोकाने भिंतीतली चौकोनी भोकं एकेक करून दाखवली. ‘इथे तुळया बसवलेल्या होत्या. म्हणजे हा वरचा मजला. आता खिडक्या बघा, कुठल्या दिशेला आहेत?’ भिंती बघता बघता इमारत उभी राहिली.

मग त्यांनी गोष्ट सांगितली. डचांनी गोव्याच्या पोर्तुगीजांची समुद्रातून कोंडी करायचं ठरवलं, त्यासाठी जवळचं ठाणं हवं होतं. विजापूरच्या आदिलशाहीकडून परवानगी मिळवून १६३७ च्या सुमारास ते वेंगुर्ल्याला आले. गोव्यापुढे उभ्या असलेल्या जहाजांना पाणी, धान्य, बातम्या इथून जायच्या. बातम्यांचं काम पुढेही चालू राहिलं. १६७४ मध्ये रायगडावर शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झाला, त्याची खबर वेंगुर्ल्याच्या डच अधिकाऱ्याने आपल्या वरिष्ठांना पत्राने कळवली होती. आपण उभे आहोत त्या आवारातून ते पत्र गेलं असेल, हे कळल्यावर गाडीतली कॉलेजची पोरंसुद्धा मोबाईल खिशात घालून ऐकत होती. पुढे १८१२ मध्ये हे बंदर सावंतवाडीकरांकडून इंग्रजांकडे गेलं. बंदरावरच्या टेकडीवर उभं राहून काकांनी तेही जोडून दिलं: कोण का आलं, माल कुठून उतरायचा, आणि तो आमच्या बेळगावला कसा चढायचा.

अर्थात गाईड म्हणून मिळणारा प्रत्येक माणूस असा नसतो. एका सहलीत आम्हाला असा मिळाला की त्याचं काम फक्त डोकी मोजायचं. वखारीसमोर गाडी उभी करून ‘अर्धा तास फ्री टाइम’ म्हणाला आणि स्वतः चहाला गेला. पैसे गाईडचे घेतले, मिळाला तो नुसता सोबती. म्हणून सीट घेण्याआधी फोनवर एकच गोष्ट नीट विचारा: वखारीवर आणि बंदरावर गाईड आमच्याबरोबर खाली उतरून माहिती देतो का? उत्तर देताना समोरचा घुटमळला तर दुसरीकडे बघा.

दिवसाचा क्रमही विचारून घ्या. पहाटे निघून आठच्या आत धबधबा, सावंतवाडीत कपडे बदलून नाश्ता, मग दुपारपर्यंत वेंगुर्ला, असा क्रम चांगला. कोल्हापूर आणि गोव्याकडच्या गाड्या यायच्या आत धबधबा उरकतो, आणि गावाला दिवसाउजेडी चांगले तीन तास मिळतात. काहीजण वाटेत नाश्ता, दर्शन करत धबधब्यावर अकराला पोचवतात. मग गर्दीत दोन तास जातात, वेंगुर्ल्यात चार वाजता शिरायचं आणि पाचला निघायचं. अशा सहलीपेक्षा घरची गाडी नक्की बरी, काचेच्या त्रासासकट.

आणखी एका वेळी मी गाडीच काढेन, ती म्हणजे गणपतीनंतर, आठवड्याच्या मधल्या वारी. पाऊस उघडीप देत असतो, धबधब्याला पाणी असतं, घाट मोकळा असतो आणि मासेमारी सुरू झाल्याने ताटात ताजा बांगडा असतो. फार म्हातारी माणसं किंवा अगदी तान्हं मूल बरोबर असेल, धबधब्यात भिजायचंच नसेल, तरीही घरची गाडी सोयीची. उलट जुलै-ऑगस्टचा शनिवार-रविवार असेल, भिजायची हौस असेल आणि घरात चालवणारं माणूस एकच असेल, तर गाईडबरोबरची सीट घ्या असं मी सुचवेन. आमच्या घरी आता तसंच ठरतं, आणि पुण्याहून भावाची माणसं आली की वहिनी पहिल्यांदा विचारते ते ‘वखारवाले काका असतील ना?’

पैसे भरताना एवढं बोलून ठेवा: दरड येऊन घाट बंद झाला तर पैसे परत की पुढचा रविवार, आणि गाडी निम्म्या वाटेवरून फिरवावी लागली तर काय. ऐन पावसात तशी वेळ येऊ शकते. आदल्या संध्याकाळी आयोजकाला फोन करून घाट चालू असल्याची खात्री करून घ्या, मगच पहाटेचा गजर लावा.