मेलबर्नच्या संग्रहालयातील फार लॅप : दोन भेटींनंतरचे परीक्षण

मेलबर्नला मुलाबाळांकडे जाणाऱ्या आपल्या लोकांच्या भटकंतीत ग्रेट ओशन रोड आणि फिलिप आयलंडवरचे पेंग्विन हमखास असतात. मेलबर्न म्युझियममध्ये काचेआड पेंढा भरून उभा केलेला फार लॅप हा शर्यतीचा नामवंत घोडा मात्र पुष्कळांचा राहून जातो किंवा घाईघाईत पाहिला जातो. माझेही पहिल्या खेपेला तसेच झाले. ज्यांच्याबरोबर सहलीला गेलो होतो त्यांनी संपूर्ण संग्रहालयाला पाऊण तास दिला आणि त्यातील जेमतेम पाच मिनिटे या घोड्याच्या वाट्याला आली. पशुवैद्यक म्हणून उभा जन्म जनावरांत काढलेल्या माणसाचे तेवढ्यावर समाधान होणे शक्य नव्हते. दोन दिवसांनी मी एकटाच परत गेलो आणि दीड तास त्या एकाच काचेसमोर घालवला. हे परीक्षण त्या दुसऱ्या भेटीचे आहे.

मेलबर्न शहराचा इतिहास सांगणाऱ्या दालनात, मंद उजेडात, हा तांबूस रंगाचा घोडा उभा आहे. पेंढा भरलेले प्राणी मी आजवर अनेक संग्रहालयांत पाहिले आहेत आणि बहुतेकांपुढून खिन्न होऊन निघालो आहे, कारण मान अवघडलेली, पोट फुगवलेले आणि डोळे गोटीसारखे, असेच त्यांचे रूप असते. येथे तसे नाही. न्यूयॉर्कच्या जोनास ब्रदर्स या पेढीने चार महिन्यांहून अधिक काळ खपून हे काम केले आणि जानेवारी 1933 पासून ते मेलबर्नमध्ये लोकांसमोर आहे. कातड्याखालच्या शिरा जागच्या जागी उठून दिसतात. छातीचा घेर, फऱ्याचा उतार, मागच्या मांड्यांची घडण, यांतले काहीही अंदाजाने केलेले वाटत नाही. खांद्यापाशी त्याची उंची पावणेदोन मीटरच्या आसपास होती. छायाचित्रात ती जाणवत नाही, समोर उभे राहिल्यावर मात्र आपोआप मान वर करावी लागते. भरलेल्या कातड्यातून चाल दिसणे अशक्य असले, तरी ही चाल कशी असेल याचा अंदाज जाणत्या माणसाला बांधता यावा, इतके हे काम प्रामाणिक आहे.

या देखणेपणापुढे उभे राहून त्याची सुरुवात आठवली की आश्चर्य वाटते. न्यूझीलंडमध्ये तिमारू गावाजवळ 4 ऑक्टोबर 1926 रोजी जन्मलेले हे शिंगरू 1928 च्या लिलावात अवघ्या 160 गिनींना विकले गेले. हॅरी टेलफोर्ड या सिडनीच्या फारशा न चाललेल्या ट्रेनरने केवळ वंशावळ वाचून त्याची निवड केली होती आणि डेव्हिड डेव्हिस या व्यावसायिकाला पैसे घालायला लावले होते. बोटीतून उतरलेले ते जनावर डेव्हिसने पाहिले तेव्हा त्याचा संताप झाला, कारण तोंडावर चामखिळी असलेला, लांब टांगांचा, बेंगरूळ चालीचा तो घोडा होता. त्याच्या शिक्षणाचा खर्च करण्यास डेव्हिसने नकार दिला. शेवटी टेलफोर्डने तो तीन वर्षांच्या कराराने स्वतःकडे घेतला. बक्षिसांतील दोन तृतीयांश हिस्सा टेलफोर्डचा आणि एक तृतीयांश डेव्हिसचा, असे ठरले. टेलफोर्डने त्याला खच्ची केले आणि वाळूच्या टेकड्यांवरून पळवून त्याच्याकडून कसून मेहनत करून घेतली. पहिल्या शर्यतीत घोडा शेवटचा आला आणि पुढच्या तिन्ही शर्यतींत पहिल्या तिघांतही आला नाही. एप्रिल 1929 मध्ये सिडनीच्या रोजहिल मैदानावर तो प्रथम जिंकला. एकूण 51 शर्यतींपैकी 37 त्याने जिंकल्या आणि शेवटच्या 35 पैकी तर 32. हे दोन आकडे शेजारी ठेवून पाहिले म्हणजे आरंभीचे अपयश आणि नंतरची झेप या दोहोंची कल्पना येते.

त्या वर्षांत ऑस्ट्रेलिया महामंदीत होरपळत होता, हजारोंची रोजी बुडाली होती. कुणाला नको असलेला घोडा शनिवारी हमखास जिंकतो, याचा त्या लोकांना किती आधार वाटला असेल हे समजणे कठीण नाही. ज्यांनी आयुष्यात कधी रेसकोर्स पाहिला नव्हता, त्यांचाही तो आपला घोडा झाला. मात्र त्याच्या जिंकण्याने ज्यांचे नुकसान होत होते, अशीही माणसे होती. 1 नोव्हेंबर 1930 च्या सकाळी, मेलबर्न कप या ऑस्ट्रेलियातील सर्वांत मानाच्या शर्यतीला तीन दिवस उरले असताना, सरावाहून परतताना त्याच्यावर गोळी झाडण्यात आली. त्याचा मोतद्दार टॉमी वुडकॉक याने आपले तट्टू मध्ये घालून त्याला वाचवले, आणि त्याच दुपारी फार लॅपने मेलबर्न स्टेक्स जिंकली. जिम पाइक या जॉकीने 4 नोव्हेंबरला त्याला मेलबर्न कपात विजयी केले, तेव्हा त्याच्या पाठीवर सुमारे साडेबासष्ट किलो वजन होते आणि भाव असा होता की अकरा पौंड लावणाऱ्याला आठ पौंडच नफा मिळावा. त्या एकाच आठवड्यात, आठ दिवसांत, मेलबर्नच्या फ्लेमिंग्टन रेसकोर्सवर तो चार वेळा धावला आणि चारही वेळा पहिला आला.

मेलबर्न कप ही हँडिकॅप शर्यत आहे आणि अशा शर्यतीचा नियम येथे सांगणे आवश्यक आहे, कारण तो ठाऊक नसलेल्याला पुढच्या वर्षीचा पराभव कळणार नाही. अशा शर्यतीत घोडा जितका चांगला, तितके जास्त वजन त्याच्यावर लादले जाते, जेणेकरून सर्वांना सारखी संधी मिळावी. 1931 च्या कपात फार लॅपवर 68 किलो वजन चढवले गेले आणि तो आठवा आला. दोन मैलांच्या शर्यतीत एवढे ओझे म्हणजे त्याच्या पायांवर अन्याय होता, असे माझे स्पष्ट मत आहे.

मेक्सिकोतील आग्वा कालिएंते येथे 20 मार्च 1932 रोजी तो परक्या भूमीवर, अपरिचित मातीच्या ट्रॅकवर, दुखऱ्या खुराने धावला आणि जिंकला. त्यानंतर सोळाच दिवसांनी, 5 एप्रिलला, कॅलिफोर्नियातील मेन्लो पार्क येथे तीव्र वेदनांनी तो मेला, तेव्हा वुडकॉक त्याच्यापाशी होता. पुढे 2008 मध्ये याच कातड्यावरील आयाळीचे केस तपासून शास्त्रज्ञांनी दाखवले की मृत्यूपूर्वी दीड-एक दिवस आधी त्याच्या शरीरात आर्सेनिक या विषाची मोठी मात्रा गेली होती. ती कुणी मुद्दाम दिली की औषधाच्या चुकीने गेली, हा वाद अजून चालू आहे. त्या काळी घोड्यांच्या शक्तिवर्धक औषधांत आर्सेनिक सर्रास असे, त्यामुळे माझा कल दुसऱ्या शक्यतेकडे आहे. मात्र तो केवळ कल आहे.

येथे जाणाऱ्याने एक गोष्ट आधीच ध्यानात घ्यावी. मेलबर्नमध्ये फक्त कातडे आहे. हृदय कॅनबरा येथील राष्ट्रीय संग्रहालयात आहे आणि सांगाडा न्यूझीलंडमध्ये वेलिंग्टनच्या ते पापा संग्रहालयात. ते हृदय 6.2 किलो वजनाचे आहे. सर्वसाधारण घोड्याचे याच्या निम्म्याहून थोडेसेच अधिक भरते. आपण धाडसी माणसाला वाघाचे काळीज आहे असे म्हणतो, तसे ऑस्ट्रेलियन लोक फार लॅपएवढे काळीज म्हणतात, आणि तेथे ती निव्वळ उपमा राहत नाही. मेलबर्न कपाच्या दीडशेव्या वर्षी, 2010 मध्ये, वेलिंग्टनचा सांगाडा तात्पुरता मेलबर्नला आणून कातड्याच्या शेजारी उभा केला होता. ते पाहायला मिळाले नाही याची मला फार हळहळ वाटते.

मुंबईकरांसाठी एक धागा सांगतो. महालक्ष्मीचा रेसकोर्स ज्या मेलबर्नच्या कॉलफील्ड मैदानाच्या धर्तीवर आखला गेला, त्याच कॉलफील्डवर 1931 मध्ये फार लॅपने फ्युचुरिटी स्टेक्स जिंकली. महालक्ष्मीच्या कठड्याला टेकून ज्यांनी कधी घोडे पाहिले आहेत, त्यांना ते वळण डोळ्यांसमोर आणता येईल.

संग्रहालय कार्लटन गार्डन्समध्ये, जागतिक वारसा असलेल्या रॉयल एक्झिबिशन बिल्डिंगच्या शेजारी आहे. 86 आणि 96 क्रमांकाच्या ट्राम जवळ थांबतात आणि लहान मुलांना प्रवेशाचे पैसे पडत नाहीत. या एका घोड्यासाठी किमान अर्धा तास राखून ठेवावा आणि त्याच्याभोवती पूर्ण फिरावे. समोरून दिसणाऱ्या घोड्यापेक्षा मागच्या बाजूने दिसणारा घोडा त्याच्या वेगाविषयी अधिक सांगतो. वेळ असल्यास नंतर फ्लेमिंग्टनला जाऊन त्याचा ब्राँझचा पुतळाही पाहावा, पण आधी येथे यावे.

निघताना शेजारी उभ्या असलेल्या एका लहान मुलीने आईला विचारले की हा घोडा किती म्हातारा होता. जन्म आणि मृत्यूच्या तारखा मला पाठ झाल्या होत्या, तरी वयाचा हिशेब मी तोवर केला नव्हता. साडेपाच वर्षे. घोड्याचे वय आम्ही दातांवरून ठरवतो, आणि पाचव्या वर्षाच्या सुमारास त्याचे पक्के दात नुकते कुठे पुरे होतात. ते दात येथे नाहीत, ते सांगाड्याबरोबर वेलिंग्टनला आहेत. पुढच्या वर्षी येताना न्यूझीलंडचाही व्हिसा काढावा, असे मी घरी जाऊन मुलीला सांगितले.