ओझूचा 'द ओन्ली सन': बघाच, पण निवांत

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूचा हा पहिला बोलका कथापट, 1936 चा, शोचिकू कंपनीचा. गोष्ट साधीये, जपानच्या शिन्शू भागातल्या रेशीम कारखान्यात राबणारी विधवा आई पोटाला चिमटा काढून पोराला शिकवते आणि बऱ्याच वर्षांनी टोकियोला भेटायला जाते तर साहेब रात्रशाळेत मास्तर, वर बायको नि तान्हं बाळ, आणि आईला यातलं काही कळवलेलंच नाही! चोको ईदाने आई काय केलीये राव, पोरगा हौसेने जर्मन बोलपट दाखवायला नेतो आणि ही तिथे चक्क पेंगते, तो सीन मी मागे नेऊन परत बघितला. चिशू र्‍यू गावचा मास्तर झालाय, नाव काढायला टोकियोला गेलेला आणि आता कटलेट तळत बसलाय (पुढे ओझूच्या कितीतरी पिक्चरमध्ये दिसतो हा). शिनिची हिमोरी मुलगा म्हणून ठीकठाक, जरा जास्तच तोंड पाडून असतो. पण कचरा जाळायच्या भट्टीच्या धुराड्यांसमोर माळावर बसून मायलेक बोलतात ना, ती जागा जबरी. साउंड खरखरतो, हेडफोन लावा. वेग संथ आहे, एक डोळा मोबाइलवर ठेवून बघणार असाल तर राहू द्या.