फरीनाची जमिनीखालची बेकरी: पाव घ्या आणि गावही फिरा

साऊथ ऑस्ट्रेलियात अ‍ॅडलेडपासून सहाशे किलोमीटरच्या आसपास, लिंडहर्स्टच्या पुढे २६ किलोमीटरवर फरीना नावाचं ओसाड गाव आहे, तिथली जुनी बेकरी स्वयंसेवक हिवाळ्यात काही आठवडे चालवतात, म्हणजे साधारण मे ते जुलैमध्ये. पायऱ्या उतरून खाली भट्टी आहे, लाकडं जाळून तापवतात. पाव वरून कडक, आतून मऊ, नुसता लोणी लावून खाल्ला तरी पोट आणि मन दोन्ही भरतं. बन आणि पेस्टी (आत सारण भरून भाजलेली, करंजीसारखी) पण मस्त. पैसे गावाच्या डागडुजीला जातात, म्हणून मी हात आखडता घेतला नाही.

पण खरं सांगायचं तर मला पावापेक्षा ती जागा जास्त मनाला भिडली. १८६५ मध्ये गॉयडर नावाच्या सर्व्हेअरने रेघ आखून सांगितलं होतं की याच्या उत्तरेला पावसाचा भरवसा नाही, शेती करू नका. मग काही वर्षं पाऊस बरा झाला, लोकांना वाटलं नांगर फिरला की पाऊस मागे येतोच, आणि सरकारनेही रेघेपलीकडची जमीन खुली केली. फरीना १८७८ चं, रेघेच्या कितीतरी वर, गव्हाच्याच आशेवर वसवलेलं. १८८२ मध्ये रेल्वे आली, हॉटेलं, बँक, शाळा, लोहार सगळं होतं, वस्ती काही शेंवर गेली. गहू मात्र झालाच नाही, दुष्काळ पडत गेले, आणि बेकरीला पीठ बाहेरून आणावं लागायचं! उन्हाळ्यात चाळीसच्या वर पारा, त्यात भट्टीपुढे उभं राहणारा माणूस कसा जगला असेल? जमिनीखाली बांधली ती बहुधा त्यासाठीच. आणि ही जमीन रिकामी नव्हती, मूळ लोकांची होती, त्यांचे पाणवठे गुरामेंढरांनी व्यापले, हे विसरून चालणार नाही.

कबरस्तान चुकवू नका. तिथे उंटवाल्यांच्या कबरी आहेत. १८६६ मध्ये कराचीहून, म्हणजे तेव्हाच्या मुंबई इलाख्यातून, पोर्ट ऑगस्टाला शंभरावर उंट आणि त्यांना सांभाळणारे लोक आणले होते, पुढे अशा माणसांनीच या भागात पीठ, लोकर, रसद वाहिली. सगळ्यांना सरसकट अफगाण म्हणायचे, त्यात बलुची, सिंधी, पंजाबीपण होते. आपल्या लोकांनी हे बघायलाच हवं असं मला मनापासून वाटतं.

पाणी आणि पेट्रोल भरपूर घ्या, पाऊस झाला असेल तर रस्ता चालू आहे का विचारून निघा, आणि बेकरीच्या तारखा दरवर्षी बघूनच प्लॅन करा. सकाळी लवकर पोचलात तर पाव गरम मिळतो.