जोडीदार गेल्यावर आधी कोणता अर्ज? वडोदऱ्यातल्या घरांसाठी तुलना

मावशीचे यजमान, म्हणजे आमचे काका, गेले तेव्हा त्यांचं वय 52 होतं. मकरपुरा जीआयडीसीतल्या एका कारखान्यात चौदा वर्षं नोकरी, घर दांडियाबाजारात, मुलगी 19 वर्षांची आणि मुलगा 16 वर्षांचा. तेराव्यापर्यंत भेटायला आलेल्या प्रत्येकानं मावशीला एकच गोष्ट सांगितली: "विधवा सहायचा फॉर्म भरा, महिन्याला साडेबाराशे येतात." आम्ही तोच फॉर्म धरून बसलो. पहिले तीन महिने आवकचा (उत्पन्नाचा) दाखला, पेढीनामा (वारसांची वंशावळ) आणि तलाट्याचा पंचनामा यातच गेले. काकांच्या पासबुकाकडे कोणी बघितलंही नाही.

खातं बंद करायला बँकेत गेलो तेव्हा काउंटरवरच्या मुलीनं मे महिन्यातली एक ओळ दाखवली: 436 रुपये वजा. ती प्रधानमंत्री जीवनज्योती विम्याची होती. त्याचे दोन लाख मावशीला मिळाले, पण पाच महिने उशिरा, आणि त्या पाच महिन्यांत तिनं मुलीच्या फीसाठी दोन बांगड्या मोडल्या होत्या. ते मला अजून लागतं. म्हणून हे लिहिते आहे.

हिशेब असा करून बघा. दोन लाख म्हणजे साडेबाराशेचे 160 हप्ते, तेरा वर्षं आणि चार महिने. साडेबाराशे नकोत असं मी अजिबात म्हणत नाही. ते घ्यायचेच आहेत. पण कशाच्या मागे आधी धावायचं, हे ठरवताना हा आकडा डोळ्यांसमोर असावा.

पासबुकात दोन रकमा शोधा. 436 रुपये म्हणजे जीवनज्योती. मृत्यू कोणत्याही कारणानं झाला तरी दोन लाख मिळतात, मात्र संरक्षण वयाच्या 55 पर्यंतच असतं. 20 रुपये म्हणजे सुरक्षा विमा. तो फक्त अपघातासाठी असतो, 70 वर्षांपर्यंत चालतो आणि अपघाती मृत्यूला तोही दोन लाख देतो. जून 2022 च्या आधीच्या पानांवर हेच हप्ते 330 आणि 12 असे दिसतील. विम्याचं वर्ष 1 जून ते 31 मे, म्हणून ओळ बहुतेक मेअखेरीस सापडते. अर्ज ज्या बँकेतून हप्ता कापला गेला तिथेच करायचा आणि तो वारसदार म्हणून नाव असलेल्यानं करायचा. अपघात असेल तर पोलिसांचे कागद आणि शवविच्छेदनाचा अहवाल लागतो, तेव्हा ते कागद त्याच आठवड्यात मागून घ्या. पुढे ते मिळवणं जड जातं. दर महिन्याला किंवा तिमाहीला छोटी रक्कम जात असेल तर ती अटल पेन्शनची असू शकते. तसं असेल तर मृत्यू साठीनंतर झाल्यास ठरलेलं पेन्शन जोडीदाराला मिळतं, आणि मृत्यू साठीच्या आधी झाला असेल तर जोडीदाराला खातं पुढे चालवता येतं.

पीएफ असलेलं घर

मावशीच्या बाबतीत सगळ्यात मोठी रक्कम पीएफ कार्यालयातून आली, आणि तिच्याबद्दल घरात कोणालाच माहीत नव्हतं. साठलेला पीएफ तर मिळतोच. पण नोकरीत असताना माणूस गेला तर पीएफशी जोडलेला विमाही असतो, त्याला ईडीएलआय म्हणतात. सरासरी पगाराच्या 35 पट (पगार जास्तीत जास्त 15,000 धरतात) आणि पीएफच्या शिलकीचा अर्धा भाग, तोही 1,75,000 पर्यंत. एकूण मर्यादा सात लाख. काकांचा पीएफ 15,000 वर कापला जायचा, म्हणजे नुसते पस्तीस पट 5,25,000 झाले. साडेबाराशेच्या हप्त्यांत मोजलं तर पस्तीस वर्षं. या विम्यासाठी कामगाराच्या पगारातून एक रुपयाही कापला जात नाही, म्हणून तो पगाराच्या चिठ्ठीवर दिसत नाही आणि कोणाच्या लक्षातही येत नाही.

तिसरी गोष्ट महिन्याचं पेन्शन. नोकरीत असताना मृत्यू झाला तर एका महिन्याची वर्गणी भरलेली असली तरी विधवेला पेन्शन लागू होतं. किमान 1,000 रुपये. साधा हिशेब पगार गुणिले नोकरीची वर्षं भागिले 70 असा. काकांचे 15,000 गुणिले 14 भागिले 70, म्हणजे 3,000. शिवाय दोन मुलांना प्रत्येकी आईच्या पेन्शनच्या पंचवीस टक्के, म्हणजे 750, वयाच्या 25 पर्यंत. तीन माणसांचे मिळून महिन्याला 4,500 झाले. पीएफ, पेन्शन आणि विमा या तिन्हींसाठी आता एकत्र अर्ज भरता येतो. कंपनीतला माणूस "आधी पीएफ काढून घ्या, बाकीचं मग बघू" म्हणाला तर ऐकू नका.

पीएफच्या कामात आमचे दोन महिने नावानं खाल्ले. आपल्या बडोद्याच्या मराठी घरांत हे हमखास होतं. आडनाव एकदा गुजरातीत लिहिलं जातं, मग त्यावरून इंग्रजीत, आणि जोडाक्षर मधल्या मध्ये हरवतं. मावशीचं नाव आधारवर एक, रेशनकार्डावर दुसरं आणि काकांच्या नामनिर्देशनात चक्क माहेरचं. अर्ज भरण्याआधी सगळी कागदपत्रं शेजारी शेजारी ठेवा, एकेक अक्षर जुळवा आणि जुळत नसेल तर आधी आधार दुरुस्त करून घ्या. मरणाच्या दाखल्याच्या दहा प्रती एकदमच काढून ठेवा.

पीएफ नसलेलं घर

आमच्या शेजारच्या काकूंचं चित्र अगदी वेगळं. त्यांच्या यजमानांची खंडेराव मार्केटपाशी भाजीची हातगाडी होती. पीएफ नाही, वय 58 असल्यामुळे जीवनज्योती नाही, आणि मृत्यू हृदयविकारानं आला म्हणून अपघात विमाही नाही. त्यांच्यासाठी गंगा स्वरूपा योजना (विधवा सहायचंच आताचं नाव) हाच मुख्य आधार. महिन्याला 1,250 रुपये थेट खात्यात येतात. शहरात कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न दीड लाखापर्यंत चालतं, गावात एक लाख वीस हजारांपर्यंत. पूर्वी 21 वर्षांवरचा मुलगा असेल तर बाईला नकार मिळायचा, ती अट 2019 मध्ये काढली. तरीही "तुमचा मुलगा मोठा आहे, तुम्हाला मिळणार नाही" असं सांगणारे अजून भेटतात, आणि कितीतरी बायका तेवढ्यावरच परत फिरतात. फिरू नका. अर्ज मामलतदार कचेरीत किंवा जनसेवा केंद्रात द्यायचा.

काकूंना आणखी एक मदत मिळाली. संकटमोचन योजना, म्हणजे केंद्राची राष्ट्रीय कुटुंब सहाय. घरातला कमावता माणूस साठीच्या आत गेला आणि नाव गरिबी रेषेखालच्या यादीत असेल तर एकरकमी 20,000. ही आणि गंगा स्वरूपा यांच्यात निवड करायची नसते, दोन्ही घेता येतात. फरक मुदतीचा आहे. संकटमोचनचा अर्ज मृत्यूनंतर दोन वर्षांच्या आत द्यावा लागतो. यादीत नाव असेल तर मी म्हणेन, हा फॉर्म आधी द्या.

केंद्राची एक विधवा पेन्शन योजनाही आहे: 40 ते 79 वयाच्या, गरिबी रेषेखालच्या बाईला 300 रुपये. ते 1,250 च्या वर वेगळे मिळतील असं पुष्कळजणी धरून चालतात. तसं होत नाही, केंद्राचा वाटा राज्याच्या 1,250 मध्येच धरलेला असतो. काकू आता साठीच्या झाल्या, तेव्हा एकानं सुचवलं की विधवा सहाय सोडून वृद्ध सहाय घ्या. गुजरातमध्ये वृद्ध सहाय 60 ते 79 वयाला 1,000 आहे आणि पुढे 1,250. तेव्हा बदलण्यात तोटाच आहे.

नातेवाईक पुण्या-नाशिकहून फोन करून "संजय गांधी निराधार"चा आणि त्याच्या पंधराशेचा सल्ला देतात. मराठी व्हिडिओंतही तीच माहिती असते. ती योजना महाराष्ट्राच्या रहिवाशांसाठी आहे, मराठी माणसांसाठी नव्हे. इंदूरच्या बहिणीला तिथलं कल्याणी पेन्शन लागू, बडोद्याच्या बहिणीला गंगा स्वरूपा. इथल्या जनसेवा केंद्रात "संजय गांधी निराधार" हे नाव सांगून विचारलंत तर "अशी योजना इथे नाही" हेच उत्तर मिळेल.

रेल्वे किंवा केंद्र सरकारची नोकरी

प्रतापनगरची आत्या या सगळ्यांत निश्चिंत. फुवाजी, म्हणजे तिचे यजमान, रेल्वेतून निवृत्त झाले होते. कौटुंबिक पेन्शन शेवटच्या पगाराच्या तीस टक्के, किमान 9,000, वर महागाई दिलासा. निवृत्तीनंतर मृत्यू झाला तर आधी वाढीव दर मिळतो, सात वर्षं किंवा गेलेला माणूस 67 चा झाला असता तोपर्यंत, यातलं जे आधी येईल ते. नोकरीत असताना गेला तर वाढीव दर दहा वर्षं. आत्याचं आणि फुवाजींचं पेन्शन खातं संयुक्त होतं, म्हणून मरणाचा दाखला आणि एक पत्र एवढ्यावर काम झालं. नोव्हेंबरातला हयातीचा दाखला मात्र तिनं चुकवू नये. 2004 पासून लागलेल्यांच्या घरी बहुतेक एनपीएस (राष्ट्रीय पेन्शन योजना) असतं, आणि नोकरीत मृत्यू झाला तर निवडलेल्या पर्यायाप्रमाणे कौटुंबिक पेन्शन मिळू शकतं. तो पर्याय कोणता होता हे कार्यालयातून लेखी घ्या.

पुन्हा लग्न करायचं असेल तर

याबद्दल बाई सहसा विचारत नाही, आणि विचारलं तर घरातले गप्प होतात. मावशीच्या ओळखीत 34 वर्षांची एक मुलगी आहे. "पेन्शन जाईल" म्हणून तिचे दीर तिला थांबवत होते. काय जातं आणि काय राहतं, हे तिला नीट कळायला हवं. विम्याचे दोन लाख, ईडीएलआयची रक्कम, पीएफ हे एकदा मिळालं की तिचंच, लग्नानं ते परत जात नाही. गंगा स्वरूपाचे 1,250 थांबतात, पण 18 ते 50 वयाच्या लाभार्थी बाईनं पुनर्लग्न केलं तर राज्य सरकार 50,000 देतं, त्यातले निम्मे खात्यात आणि निम्मे राष्ट्रीय बचत पत्रात. पीएफचं विधवा पेन्शन तिचं थांबतं, पण मुलांचं बंद होत नाही, उलट त्यांचा दर वाढतो. केंद्राच्या कौटुंबिक पेन्शनमध्ये मूल नसलेल्या विधवेला लग्नानंतरही पेन्शन चालू राहतं, तिचं दुसरं उत्पन्न किमान पेन्शनपेक्षा कमी असेपर्यंत. महिन्याच्या साडेबाराशेसाठी चौतीसाव्या वर्षी कोणी आपलं आयुष्य थांबवावं, हे मला मान्य नाही.

बायको गेलेल्या पुरुषांसाठी चित्र छोटं आहे. गंगा स्वरूपा फक्त बायकांसाठी. पण बायको पीएफवाली किंवा सरकारी नोकरीत होती तर तिचं पेन्शन नवऱ्यालाही मिळतं, आणि तिच्या पासबुकातल्या 436 च्या ओळीवरही त्याचा तितकाच हक्क, वारसदार म्हणून त्याचं नाव असेल तर. आमच्या वाड्यातल्या एका काकांनी बायकोचं पासबुक दीड वर्ष उघडलं नव्हतं. त्यांना ते बघवत नव्हतं. शेवटी त्यांच्या सुनेनं उघडलं.

मावशीचं पेन्शन आता नियमित येतं, आणि वर्षाचे 54,000 धरूनही ती गंगा स्वरूपाच्या मर्यादेत बसते, म्हणून 1,250 ही येतात. दर जुलैत तिला पुनर्लग्न केलं नसल्याचा दाखला द्यावा लागतो, आणि दर तीन वर्षांनी आवकचा. मी तिच्या फोनमध्ये 1 जुलैचा गजर लावून दिला आहे.