पाय (π) वाकवायचा की सुवर्ण गुणोत्तर घ्यायचं?

लातूरच्या आमच्या टोळक्याने रचलेल्या काल्पनिक जगाला एक गूढ स्थिरांक हवाय. उमेदवार दोन.

पहिला, बदललेला पाय, म्हणजे परीघ भागिले व्यास हा आकडा. त्या जगात वर्तुळाचा परीघ व्यासाच्या बरोबर तिप्पट! ऐकायला झकास, निभवायला महाकठीण. सपाट जमिनीवर ३.१४१५९… सुटत नाही. जमीनच वाकवावी लागते. चेंडूसारख्या जगावर विषुववृत्त आखा आणि व्यास ध्रुवावरून, जमिनीलगत मोजा: गुणोत्तर थेट २ भरतं. लहान वर्तुळ घेतलं की आकडा पुन्हा ३.१४ कडे सरकतो. मग तो स्थिरांक कसला? मांत्रिकाने विहीर खणायची म्हटली तरी आधी घेर विचारावा लागेल.

दुसरा, सुवर्ण गुणोत्तर, १.६१८… वर्ग हवा तर १ मिळवा, व्यस्त हवा तर १ वजा करा. मंत्र आयताच तयार! शिवाय पुरावा औशाकडच्या रानात उभा. सूर्यफुलाच्या तबकडीतले बियांचे फेरे मोजा: पुष्कळदा एका बाजूने ३४, उलट बाजूने ५५. भागाकार १.६१७… (प्रत्येक देवळात हा आकडा शोधणाऱ्यांचं मात्र फार मनावर घेऊ नका.)

माझं मत दुसऱ्याला. पायवाला गडी अजून हटून बसलाय. त्याला म्हटलं, तुझ्या राक्षसाची गुहा तेवढी वाकड्या जमिनीवर राहू दे की.