गृहकर्ज, ४८ महिने वापरून झाल्यावर

जानेवारी २०२६चा हप्ता खात्यातून गेला आणि आमच्या होम लोनला ४८ हप्ते पूर्ण झाले. मिक्सर किंवा मोबाइल घेतला तरी सहा महिन्यांनी कसा चाललाय ते आपण चार लोकांना सांगतो. आयुष्यातल्या सगळ्यात महाग वस्तूबद्दल मात्र कोणी तोंड उघडत नाही. विचारलं तर एवढंच कळतं, "हप्ता अमुक आहे, चाललंय." मीही पहिले नऊ महिने हेच उत्तर देत होते.

आधी वस्तूचं वर्णन. दहिसर पूर्वेला रिसेलचा वन बीएचके, कार्पेट ४१० चौरस फूट, इमारतीला ओसी (राहायला योग्य असल्याचा पालिकेचा दाखला), किंमत ७५ लाख. त्यातले १५ लाख आमचे (माझा पीएफ, नवऱ्याची एफडी आणि सासूबाईंनी मोडलेल्या दोन पाटल्या) आणि ६० लाख कर्ज. जानेवारी २०२२, फ्लोटिंग म्हणजे बदलता रेट, रेपोशी (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते त्या दराशी) जोडलेलं, ६.७० टक्के, २० वर्षं. हप्ता ४५,४४४ रुपये. आकडा लक्षात राहायला इतका सोपा की आम्हाला तो शकुनच वाटला.

सँक्शन लेटर घेतलं त्याच दिवशी कॅल्क्युलेटरवर ४५,४४४ गुणिले २४० केलं होतं. १ कोटी ९ लाख. म्हणजे ६० लाखांवर ४९ लाख व्याज. नवरा म्हणाला, "चालायचंच, सगळ्यांचं असंच असतं." खरंही होतं ते. पण त्या गुणाकारात एक गोष्ट आम्ही धरूनच चाललो होतो, की २४० हा आकडा हलणार नाही.

सुरुवातीचे खर्च पटकन सांगते, ते सगळ्यांना थोडेफार माहीत असतात. स्टॅम्प ड्युटी ५ टक्के, ३ लाख ७५ हजार. कोविडमध्ये डिसेंबर २०२० पर्यंत ती २ टक्के होती, मार्च २०२१ पर्यंत ३ टक्के, आणि आम्ही एप्रिल २०२२ च्या आधी व्यवहार केला म्हणून मेट्रोसाठीचा १ टक्का अधिभार वाचला. आता मुंबईत ६ टक्के धरून चाला. रजिस्ट्रेशन ३० हजार, ब्रोकर ७५ हजार, सोसायटीचा ट्रान्सफर प्रीमियम २५ हजार, प्रोसेसिंग फी, वकिलाचा रिपोर्ट, व्हॅल्युएशन, गहाणाच्या नोटीस ऑफ इंटिमेशनचा (गहाणाच्या सरकारी नोंदीचा) खर्च. सगळं मिळून साडेपाच लाखांच्या आसपास, आणि यातल्या एका रुपयालाही कर्ज मिळत नाही. रेडी घर असल्यामुळे जीएसटी नव्हता. बांधकाम चालू असलेलं असतं तर ५ टक्के आणखी.

एक गोष्ट मला उशिरा कळली. घर एकट्या बाईच्या नावावर घेतलं तर महाराष्ट्रात स्टॅम्प ड्युटीत १ टक्का सूट मिळते. आमचे ७५ हजार वाचले असते. कळल्यावर दोन दिवस हळहळले. मग हिशोब घातला. नवरा नुसता सहकर्जदार राहिला असता, मालक नसता, तर त्याला व्याजावरची करसवलत मिळाली नसती. जुन्या कररचनेत दोघं मालक आणि दोघं कर्जदार असाल तर प्रत्येकाला वर्षाला २ लाखांपर्यंतचं व्याज वजा करता येतं. ७५ हजार एकदाच, ते दरवर्षी. म्हणजे चुकून बरोबरच झालं होतं. नव्या कररचनेत गेलात तर राहत्या घराच्या व्याजावर काही मिळत नाही, तेव्हा "टॅक्स वाचतो म्हणून लोन घ्या" म्हणणाऱ्या एजंटाला आधी विचारा, कुठल्या रचनेत?

एजंटावरून आठवलं. आमची फाइल घेऊन फिरणारा मुलगा सही करायच्या दिवशी म्हणाला, "मॅडम, लोनचा इन्शुरन्स कम्पल्सरी आहे, १ लाख ८० हजार, लोनमध्येच ॲड होईल, तुम्हाला जाणवणार पण नाही." मी म्हटलं, कम्पल्सरी आहे हे बँकेच्या लेटरहेडवर लिहून दे. तो विषय त्याने परत काढला नाही. 'जाणवणार नाही' म्हणजे महिना १,३६३ रुपये, २० वर्षांत ३ लाख २७ हजार. आम्ही दोघांनी वेगळा टर्म प्लॅन घेतला. विमा हवाच, पण तो व्याजाने कशाला घ्यायचा?

आता मुख्य गोष्ट.

माझे वडील बेस्टमधून निवृत्त झाले. त्यांनी आयुष्यात जी काही कर्जं काढली ती पतपेढीतून. तिथे महिन्याला पासबुकात शाईने बाकी लिहून यायची, आणि बाबा आईला पगार किती कापला हे कधी सांगत नसत, बाकी किती राहिली ते सांगत. २०२२ च्या भाऊबीजेला माहेरी गेले तर पोहे खाता खाता बाबांनी विचारलं, "बाकी किती राहिली?" मी म्हटलं, "हप्ता पंचेचाळीस हजार चारशे चव्वेचाळीस." ते म्हणाले, "ते नाही विचारलं."

तिथेच बसून बँकेचं ॲप उघडलं. नऊ हप्ते गेले होते, एकूण ४ लाख ९ हजार. बाकी ५९ लाख ३ हजार ४७०. म्हणजे मुद्दल कमी झालं होतं ९६ हजार. इथपर्यंत मी समजून घेतलं, सुरुवातीला व्याजच जास्त जातं हे वाचलेलं होतं. खाली एक ओळ होती: उरलेले हप्ते ३७४.

मला वाटलं ॲप चुकतंय. २४० मधून ९ गेले की २३१ राहतात, हे चौथीतलं पोरगं सांगेल. ३७४ हप्ते म्हणजे डिसेंबर २०५३. मी तेव्हा ३५ वर्षांची होते आणि माझी मुलगी चारची. कर्ज फिटेल तेव्हा ती माझ्या वयाची असणार होती.

झालं असं होतं. ४ मे २०२२ ला रिझर्व्ह बँकेने रेपो रेट ४ वरून ४.४० केला, जूनमध्ये ४.९०, ऑगस्टमध्ये ५.४०, सप्टेंबरअखेर ५.९०. बातम्या आम्ही पाहत होतो. पण आमचा हप्ता हलला नव्हता, म्हणून आम्ही निवांत. नवरा तर म्हणालाही होता, "आपली बँक चांगली आहे, वाढवला नाही." बँकेने हप्ता वाढवला नव्हता, मुदत वाढवली होती. आमचा व्याजदर दर तीन महिन्यांनी रिसेट होतो, म्हणजे रेपोप्रमाणे नव्याने ठरतो. जुलैत ७.६० झाला तेव्हा उरलेले हप्ते २३४ चे २७७ झाले, ऑक्टोबरमध्ये ८.६० झाला तेव्हा ३७४. एक एसएमएस आला होता म्हणे, 'आपल्या कर्जाची मुदत सुधारण्यात आली आहे.' 'सुधारण्यात' या शब्दाबद्दल काय बोलावं?

नोव्हेंबरचा हप्ता फोडून पाहिला तर ४५,४४४ पैकी ४२,३०८ व्याज. मुद्दलात ३,१३६.

शाखेत गेले. काउंटरवरच्या बाई प्रेमळ होत्या, पण त्यांना माझी तक्रारच कळेना. "मॅडम, तुमचा ईएमआय वाढला नाही ना? मग टेन्शन काय घेताय?" मी सांगितलं, मुदत २० वर्षांवर आणा, हप्ता वाढला तरी चालेल. असं सहसा कोणी मागत नाही म्हणाल्या. अर्ज, नवं मँडेट (खात्यातून हप्ता कापायची परवानगी), दोघांच्या सह्या, सही जुळत नाही म्हणून परत एक फेरी. हे सगळं होईपर्यंत जानेवारी उजाडला आणि दर ८.९५ झाला होता. फेब्रुवारी २०२३ पासून हप्ता ५३,८५५. एप्रिलच्या रिसेटला दर ९.२०, हप्ता ५४,७८३. म्हणजे ठरवलं होतं त्यापेक्षा महिना ९,३३९ जास्त. ते वर्ष आम्ही ओढूनताणून काढलं. मुलीचं डान्स क्लासचं नाव काढलं, गणपतीत गावाला एकटा नवरा गेला.

पण काही केलंच नसतं तर काय झालं असतं, तेही मी मांडून पाहिलंय. ९.२० टक्क्याला जुन्याच हप्त्यातले ४५,१५३ रुपये व्याजात गेले असते आणि मुद्दलात २९१. म्हणजे महिनाभर राबून घराचे २९१ रुपये फेडायचे. बोरिवली स्टेशनबाहेर दोघांची थाळीसुद्धा येत नाही तेवढ्यात.

आता परिस्थिती बरी आहे. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये परिपत्रक काढलं. दर वाढला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं, हे ग्राहकाला विचारायला हवं आणि दर तीन महिन्यांनी उरलेले हप्ते, मुद्दल, व्याज असं स्टेटमेंट द्यायला हवं. ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जदारांना की फॅक्ट स्टेटमेंट मिळतं, त्यात फीसकट धरलेला वार्षिक दर असतो. जाहिरातीतल्या दरापेक्षा तोच पाहा. आमच्या वेळी यातलं काही नव्हतं. पण स्टेटमेंट मिळणं वेगळं आणि ते उघडणं वेगळं. माझ्या ऑफिसातल्या तिघींना मी विचारलं, उरलेले हप्ते किती? एकीलाही सांगता आलं नाही. हप्ता तिघींना तोंडपाठ.

पार्ट पेमेंटबद्दल (हप्त्याशिवाय जादा रक्कम मुद्दलात भरण्याबद्दल) लोक फार विचारतात, म्हणून जरा थांबते. फ्लोटिंग रेटच्या होम लोनवर व्यक्तींना वेळेआधी फेडण्याचा दंड नाही, बँकांसाठी हे २०१२ पासून आहे. एप्रिल २०२४ मध्ये नवऱ्याचा बोनस आणि माझी भिशी मिळून ३ लाख भरले. उरलेले हप्ते २१३ वरून १८८ झाले. पंचवीस हप्ते गेले! म्हणजे त्या दराने जवळपास १४ लाख. रीलवाले इथे थांबतात, "तीन लाख भरा, चौदा लाख वाचवा." ते चौदा लाख पंधरा-सोळा वर्षांनंतरचे आहेत, त्यांची तेव्हा काय किंमत असेल देव जाणे. सरळ हिशोब असा, की ३ लाखांवर मला ९.२० टक्के परतावा मिळाला, करमुक्त आणि बिनजोखमीचा. एफडीपेक्षा नक्कीच चांगला. पण त्यासाठी घरातले सगळे पैसे ओतू नका. त्याच वर्षी सोसायटीत लिफ्ट बदलली आणि आमच्या वाट्याला ४० हजार आले, ते बँक परत देणार नव्हती. भरताना 'हप्ता कमी नको, मुदत कमी करा' असं लेखी द्या. आमच्या इथे फॉर्मवर तो चौकोन रिकामा सोडला तर ते आपल्या मनाने भरतात.

देखभालीचं म्हणाल तर मेंटेनन्स ३,२००, त्यात सिंकिंग फंड आणि रिपेअर फंड आला. ५०० चौरस फुटांच्या आत असल्याने मालमत्ता कर माफ, एवढाच दिलासा. आधी बोरिवलीत १८ हजार भाड्याने राहत होतो, आणि कर्जाच्या पहिल्याच महिन्याचं व्याज ३३,५०० होतं. पैशाच्या हिशोबात भाडं जिंकतं, मी ते नाकारणार नाही. पण दर ११ महिन्यांनी नव्या ॲग्रीमेंटच्या वेळी घरमालकाच्या तोंडाकडे बघायचं, हे मला एक्सेलमध्ये कुठल्या रकान्यात टाकायचं ते कळलेलं नाही.

२०२५ मध्ये रेपो उतरला. फेब्रुवारीत ६.२५, एप्रिलमध्ये ६, जूनमध्ये ५.५०, डिसेंबरमध्ये ५.२५. आमचा दर आज ७.९५. या वेळी बँकेने विचारलं, हप्ता कमी करायचा का? ४७,१५७ झाला असता. महिना साडेसात हजार सुटले असते, आणि खरं सांगते, हात शिवशिवले. नाही केला. ५४,७८३ च ठेवला. त्याने उरलेले हप्ते १४६ वर आले आणि आजच्या दराने साडेदहा लाखांचं व्याज टळलं.

तर ४८ महिन्यांचा ताळेबंद: हप्त्यांत भरले २५ लाख १५ हजार, त्यातलं व्याज १९ लाख २९ हजार. बाकी ५१ लाख १४ हजार ६७६. दर असाच राहिला तर मार्च २०३८ ला संपेल, ठरल्यापेक्षा ४६ महिने आधी, आणि एकूण व्याज होईल ४८ लाखांच्या जवळपास. म्हणजे सँक्शन लेटरच्या दिवशी काढलेल्या ४९ लाखांच्या आसपासच. बोनस घातला, भिशी घातली, हप्ता वाढवला, शाखेच्या पायऱ्या झिजवल्या, आणि पोहोचलो कुठे, तर जिथून निघालो होतो तिथे. आमचे १५ लाख आणि सुरुवातीच्या खर्चाचे साडेपाच लाख धरून ७५ लाखांचं घर १ कोटी साडेअठ्ठावीस लाखांना पडतंय.

पाचपैकी साडेतीन स्टार देईन. कर्जाशिवाय हे घर झालं नसतं, म्हणून तीन. अर्धा, वेळेआधी भरू देतात म्हणून. दीड कापला तो त्या एसएमएससाठी.

एक काम अजून बाकी आहे. नव्या ग्राहकाला आमचीच बँक साडेसातच्या आत देते आणि आम्ही ७.९५ वर, कारण आमचा स्प्रेड (रेपोच्या वर बँक जोडते तो दर) २.७० आहे, २०२२ चा. थोडी कन्व्हर्जन फी भरून तो कमी करून मिळतो, असं काउंटरवरच्या त्याच बाईंनी सांगितलं. मागच्या आठवड्यात अर्ज टाकला. नाही म्हणाले तर दुसऱ्या बँकेत बॅलन्स ट्रान्सफरचा (कर्ज तिकडे हलवण्याचा) खर्च काढायला सुरुवात करेन. बाबांना हे अजून सांगितलेलं नाही. सांगितलं तर रोज रात्री फोन करतील.